चौकटीबाहेरचे निर्वासित

मुंबईच्या उपनगरांमध्ये चित्रपटाचा धंदा वसलेला आहे, हे सांगायला कोणा जाणकाराची गरज नाही. गोरेगावला दादासाहेब फाळके यांच्या नावाची चित्रनगरी आहे. अंधेरी, ओशिवरा, वर्सोवा या पट्ट्यात चित्रीकरणाचे सामान भाड्याने देणाऱ्यांपासून संकलनाच्या आणि ध्वनिमुद्रणाच्या कक्षांपर्यंत सारे काही हाकेच्या अंतरावर मिळते. याच उपनगरांच्या ईशान्य टोकाला, डोंगराच्या पायथ्याशी, मुलुंड कॉलनी आहे. फाळणीनंतर सिंधमधून अंगावरच्या वस्त्रांनिशी आलेल्या हिंदूंची ही वसाहत. चेंबूरचा कॅम्प तसाच. आणि जिल्ह्याची सीमा ओलांडून पुढे गेले की उल्हासनगर. अंधेरीहून मुलुंडला पोहोचायला वाहनांच्या गर्दीतही तास-दीड तास पुरतो. परंतु नागरिकत्व, स्थलांतर आणि भेदभाव या विषयांवर माहितीपट काढणाऱ्यांपैकी किती जणांनी कॅमेरा खांद्यावर घेऊन हा प्रवास केला?

प्रश्न कडवट आहे, पण तो विचारलाच पाहिजे. डिसेंबर २०१९ मध्ये संसदेने नागरिकत्व सुधारणा कायदा संमत केला, तेव्हापासून माहितीपटांच्या आणि महोत्सवांच्या जगात 'कागद' हा परवलीचा शब्द झाला आहे. कागद मागणारी सरकारी यंत्रणा, कागद शोधणारा गरीब माणूस, रांगा, मोर्चे, घोषणा हे सारे पडद्यावर येते. यायलाही हरकत नाही. परंतु यांतल्या बहुतेक चित्रणांत एक माणूस हटकून गैरहजर असतो. ज्याच्यासाठी हा कायदा झाला, तोच तो माणूस! छळाला कंटाळून सीमा ओलांडून आलेला, वर्षानुवर्षे व्हिसाच्या मुदतवाढीवर जगणारा पाकिस्तानी हिंदू किंवा शीख, बांगलादेशातून आलेला बौद्ध किंवा नामशूद्र. एखाद्या खटल्यात फिर्यादीला न बोलावताच निकाल द्यावा, तसा हा प्रकार आहे.

माहितीपट हा कागदोपत्री पुरावा नसला, तरी लोकमताच्या न्यायालयात तो साक्षीदारासारखा उभा राहतो. कादंबरी कल्पित असते हे वाचकाला ठाऊक असते. माहितीपट पाहणारा मात्र 'हे असेच आहे' असे मानून बाहेर पडतो. म्हणूनच माहितीपटकाराची जबाबदारी कथाकारापेक्षा मोठी. त्याने काय दाखवले एवढ्यावर त्याचे मोजमाप होत नाही. काय वगळले यावरही झाले पाहिजे.

बोटींतून आलेली माणसे

वगळलेला इतिहास काय आहे, हे आधी पाहू. पंजाब आणि बंगाल यांची फाळणी झाली. सिंधची झाली नाही. तो प्रांत अखंडच्या अखंड पाकिस्तानात गेला. १९४१ च्या जनगणनेनुसार सिंधच्या सुमारे ४५ लाख लोकसंख्येत १२ लाखांहून अधिक हिंदू होते. पंजाबी निर्वासिताला निदान अर्धा पंजाब उरला, बंगाली निर्वासिताला पश्चिम बंगाल उरला. सिंधी हिंदूच्या वाट्याला वीतभर भूमीही आली नाही. राष्ट्रगीतातील 'सिंध' हा शब्दच काय तो त्याचा प्रांत. तोही काढून टाकावा अशी मागणी करणारी याचिका सर्वोच्च न्यायालयात गेली होती; २००५ मध्ये न्यायालयाने ती फेटाळली.

१५ ऑगस्ट १९४७ नंतरचे काही महिने सिंधमधील पुष्कळ हिंदू घरे धरून बसले होते. ६ जानेवारी १९४८ रोजी कराचीत गुरुद्वाऱ्यात आश्रयाला आलेल्या शिखांवर हल्ला झाला आणि त्या दिवशी शहरभर हिंदूंची घरेदारे लुटली गेली. त्यानंतर कोणी थांबायला धजले नाही. राजस्थानच्या वाळवंटातून रेल्वेने आणि कराची बंदरातून बोटींनी माणसांचा लोंढा निघाला. बोटी सौराष्ट्राच्या बंदरांना लागल्या आणि मुंबईच्या गोदीतही लागल्या. दुसऱ्या महायुद्धातील लष्करी छावण्यांच्या बराकी रिकाम्या होत्या. त्यांत या माणसांची सोय लावण्यात आली. कल्याणजवळच्या अशाच छावणीला ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांच्या हस्ते कोनशिला बसवून 'उल्हासनगर' हे नाव मिळाले. नाव उल्हासाचे, पण एका बराकीत गोणपाटाचे पडदे लावून अनेक कुटुंबांनी संसार थाटले होते.

या माणसांचे सगळीकडे स्वागतच झाले, असेही कोणी समजू नये. तत्कालीन मुंबई सरकारने १९४८ मध्ये निर्वासितांसाठी स्वतंत्र कायदा केला. त्यातील जाचक तरतुदींविरुद्ध एक तरुण वकील उच्च न्यायालयात गेला आणि जिंकला. तो वकील स्वतःच शिकारपूरचा निर्वासित होता. त्याचे नाव राम जेठमलानी. पुढे १९७७ आणि १९८० मध्ये वायव्य मुंबईने त्यांना लोकसभेत पाठवले. निर्वासितांना वेगळी वागणूक देणाऱ्या कायद्याला निर्वासितानेच न्यायालयात आव्हान द्यावे आणि त्याच महानगराने त्याला आपला प्रतिनिधी म्हणून निवडावे, याहून अधिक नाट्य कोणत्या पटकथेत असते? भेदभावविरोधी धोरणांवर परदेशी विद्यापीठांचे दाखले देणाऱ्यांना हे उदाहरण आपल्या अंगणातले आहे म्हणून दिसत नसावे. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच.

कराचीशी मराठी नाते

'हा सिंधी समाजाचा प्रश्न. त्याच्याशी आपल्याला काय?' असे म्हणणारे मराठी वाचकही भेटतात. त्यांनी थोडा इतिहास चाळावा. १ एप्रिल १९३६ पर्यंत सिंध हा मुंबई इलाख्याचाच भाग होता. कराचीतील पहिल्या सरकारी शाळेची परंपरा १८५५ पर्यंत मागे जाते आणि ती शाळा आजही नारायण जगन्नाथ वैद्य या मराठी शिक्षणतज्ज्ञाच्या नावाने ओळखली जाते. सरकारी नोकरी, शिक्षण, रेल्वे आणि नगरपालिकेची कामे यांच्या निमित्ताने मराठी कुटुंबे कराचीत स्थायिक झाली होती. त्यांतील काहींचे वंशज आजही तेथे राहतात, घरात मराठी बोलतात.

आणि त्याहून महत्त्वाची गोष्ट म्हणजे कराचीतील दलित सफाई कामगारांची. सवर्ण आणि धनिक हिंदू निघून जात होते. पण शहराची सफाई कोण करणार, या चिंतेने पाकिस्तानी प्रशासनाने 'अत्यावश्यक सेवा' असा शिक्का मारून या कामगारांना देश सोडण्यास मज्जाव केला. डॉ. बाबासाहेब आंबेडकर तेव्हा भारताचे कायदामंत्री होते. पाकिस्तानात अडकलेल्या दलित बांधवांनी भारतात यावे, असे आवाहन त्यांनी नोव्हेंबर १९४७ मध्ये केले आणि डिसेंबरमध्ये पंतप्रधान नेहरूंना पत्र लिहून या अडवणुकीकडे लक्ष वेधले. पाकिस्तानचे पहिले कायदामंत्री जोगेंद्रनाथ मंडल हे स्वतः दलित नेते. मुस्लिम लीगवर विश्वास टाकून ते तेथे राहिले; ऑक्टोबर १९५० मध्ये पूर्व बंगालमधील हिंदूंवरील अत्याचारांचा पाढा वाचणारे राजीनामापत्र देऊन त्यांना भारतात परतावे लागले.

जन्मावरून माणसाला बांधून ठेवणे, त्याला देश सोडण्याचाही हक्क नाकारणे, यापेक्षा उघड भेदभाव कोणता? सामाजिक न्यायाचा उद्घोष करणाऱ्या आपल्या माहितीपटकारांनी या विषयावर रांगा लावायला हव्या होत्या. चित्रपटाला लागणारे सगळे येथे आहे: अन्याय आहे, पत्रे आहेत, जागतिक कीर्तीचे नेते आहेत. फक्त खलनायक सोयीचा नाही.

चौकट कोण ठरवतो?

मुंबईच्या माहितीपटाची परंपरा लहान नाही. ज्या वर्षी निर्वासितांच्या बोटी मुंबईला लागत होत्या, त्याच १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजनची स्थापना झाली. पेडर रोडवरच्या या संस्थेने हजारो माहितीपट आणि वृत्तचित्रे काढली. २०२२ मध्ये ती राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. याच संस्थेसाठी एस. एन. एस. शास्त्री यांनी १९६७ मध्ये 'आय अ‍ॅम ट्वेंटी' काढला. स्वातंत्र्याच्या दिवशी जन्मलेल्या तरुणांना, ते विसाव्या वर्षात असताना, त्यांनी कॅमेऱ्यासमोर बोलते केले. कल्पना किती साधी आणि किती प्रभावी! त्याच चालीने त्याच वर्षी मुलुंडच्या बराकीत वाढलेल्या विशीतल्या मुलांना विचारले असते, तर आज आपल्या हाती केवढा ठेवा असता.

सरकारी चौकटीबाहेरच्या माहितीपटाचे मुंबईतले सर्वात ठळक नाव आनंद पटवर्धन यांचे. त्यांच्या विचारांशी या पृष्ठांचे मतभेद जगजाहीर आहेत आणि 'राम के नाम' वर येथे वेगळे सांगायला नको. तरीही न्याय न्यायाच्या जागी. १९८१ च्या 'अ टाइम टू राइज' मध्ये त्यांनी कॅनडाच्या ब्रिटिश कोलंबिया प्रांतातील भारतीय शेतमजुरांचा संघटनेसाठीचा लढा टिपला. १९८५ च्या 'बॉम्बे, अवर सिटी' मध्ये मुंबईच्या झोपडपट्ट्यांवर फिरणारा हातोडा दाखवला. दोन्ही विषय महत्त्वाचे होते आणि ते त्यांनी कष्टाने मांडले. आमचा आक्षेप एवढाच, की घरातून उखडलेल्या माणसाविषयीची हीच कणव, हीच चिकाटी पुढच्या पिढीच्या माहितीपटकारांना धर्मासाठी घर गमावलेल्या माणसाबद्दल का वाटू नये? कॅनडातला मजूर दिसतो, झोपडीतला दिसतो. बराकीतला तेवढा दिसत नाही. आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचे ते कार्टे, हा न्याय कणवेलाही लागू होतो काय?

यावर ठरलेले उत्तर येते: 'सिंधी आज सुखवस्तू आहेत. त्यांच्यावर चित्रपट काढण्याजोगे दुःख उरले कोठे?' हे उत्तर क्रूर आहे. बराकीतून उभे राहून ज्याने दुकान थाटले, शाळा-महाविद्यालये काढली आणि सरकारच्या दारी हात पसरला नाही, त्याचे दुःख त्याच्या कर्तबगारीमुळे रद्द होते का? ज्या समाजाने दगड उचलला नाही, त्याची गोष्ट सांगण्याजोगी नाही, असा याचा अर्थ होतो. तरुणांना यातून आपण कोणता धडा देतो, याचा विचार कोणी केला आहे का?

तीन माणसे, तीन कायदे

या माहितीपटांचा दुसरा दोष शब्दांचा आहे. कोकणातून किंवा उत्तर प्रदेशातून पोट भरायला आलेला, सिंधमधून जीव वाचवायला आलेला आणि सीमा चुकवून, खोटी कागदपत्रे करून आलेला, या तिघांनाही 'स्थलांतरित' या एकाच शब्दात कोंबले जाते. पहिला भारताचा नागरिक आहे. त्याला देशात कोठेही राहण्याचा हक्क संविधानाने दिला आहे. दुसरा निर्वासित आहे. तिसरा कायद्याच्या दृष्टीने अवैध प्रवेश करणारा आहे. तीन माणसे, तीन परिस्थिती, तीन कायदे. त्यांची सरमिसळ केली की प्रेक्षकाची सहानुभूती मिळते, पण समज मिळत नाही.

हे लिहिताना स्वजनांनाही एक गोष्ट बजावून सांगितली पाहिजे. सरमिसळ उलट दिशेनेही होते. बंगाली बोलणारा प्रत्येक मजूर बांगलादेशी नसतो. मालदा आणि मुर्शिदाबाद भारतातच आहेत. नागरिकत्व ठरते ते कागदपत्रांवरून आणि कायद्याने नेमलेल्या प्राधिकाऱ्यापुढे. बोलीवरून किंवा लुंगीवरून नव्हे. आसामात ३१ ऑगस्ट २०१९ रोजी प्रसिद्ध झालेल्या राष्ट्रीय नागरिक नोंदणीच्या अंतिम यादीतून १९ लाखांहून अधिक अर्जदार वगळले गेले आणि त्यांत हिंदूही मोठ्या संख्येने होते, हे विसरून चालणार नाही. कागदाच्या चुकीचा फटका कोणालाही बसू शकतो. त्यामुळेच कागदाचा प्रश्न प्रामाणिकपणे आणि सगळ्या बाजूंनी मांडणारा माहितीपट देशाला हवा आहे.

आजची परिस्थिती अशी. नागरिकत्व कायदा १९५५ नुसार परदेशी व्यक्तीला देशीयकरणाने नागरिकत्व मिळवायचे, तर साधारणपणे आधीच्या १४ वर्षांपैकी ११ वर्षे आणि त्याशिवाय अर्जापूर्वीचे सलग एक वर्ष भारतात वास्तव्य अथवा सेवा असावी लागते. २०१९ च्या सुधारणेने पाकिस्तान, बांगलादेश आणि अफगाणिस्तान या तीन देशांतून ३१ डिसेंबर २०१४ पर्यंत आलेल्या हिंदू, शीख, बौद्ध, जैन, पारशी आणि ख्रिस्ती व्यक्तींसाठी ११ वर्षांची ही अट ५ वर्षांवर आणली. त्याआधी, डिसेंबर २०१६ मध्ये, केंद्राने काही जिल्हाधिकाऱ्यांना अशा अर्जदारांना नागरिकत्व देण्याचे अधिकार दिले, तेव्हा त्यांत महाराष्ट्रातील मुंबई, ठाणे, पुणे आणि नागपूर हे चार जिल्हे होते. म्हणजेच हे अर्जदार दूर राजस्थानच्या वाळवंटातच नाहीत. ते आपल्या शेजारच्या जिल्ह्यात आहेत. कायद्याचे नियम ११ मार्च २०२४ रोजी, म्हणजे चार वर्षांहून अधिक काळाने निघाले आणि पहिली प्रमाणपत्रे त्याच वर्षी १५ मे रोजी दिल्लीत दिली गेली.

नागरिकत्व नाही म्हणजे काय नाही, हे ज्याला जन्मतः नागरिकत्व मिळाले त्याला कळत नाही. मत देता येत नाही. भारतीय पारपत्र मिळत नाही. दुसऱ्या गावी जायचे तर परवानगीचा प्रश्न उभा राहतो. व्हिसाची मुदत संपत आली की पाकिस्तानी पारपत्राच्या नूतनीकरणासाठी त्याच देशाच्या दारात उभे राहावे लागते, ज्या देशातून पळ काढला. मुलगी वयात आली, स्थळ आले, की पहिला प्रश्न येतो तो कागदांचा. दोन्ही देशांत परका ठरलेल्या या माणसाचे एक वर्ष कसे जाते, एवढेच दाखवले तरी तो माहितीपट जगातल्या कोणत्याही महोत्सवात मान वर करून उभा राहील.

या कायद्यात मुस्लिमांचा समावेश का नाही, पाकिस्तानातल्या अहमदियांचे काय, असा आक्षेप घेतला जातो. समानतेची हमी देणाऱ्या संविधानाच्या १४ व्या अनुच्छेदाचा आधार घेऊन सर्वोच्च न्यायालयात अनेक याचिका दाखलही झाल्या. आमचे उत्तर स्पष्ट आहे. ज्या देशांनी इस्लाम हा राजधर्म म्हणून स्वीकारला, तेथील अन्य धर्मीयांना दाराशी उभे करणे हा भेदभाव नव्हे. फाळणीने त्यांना दिलेल्या शब्दाची ती परतफेड आहे. हे उत्तर ज्याला पटत नाही, त्याने अवश्य वाद घालावा. आक्षेपकांची मुलाखत घ्यावी, घटनातज्ज्ञांना विचारावे. परंतु त्याच चित्रपटात अर्जदारालाही पाच मिनिटे बसवावे. त्याचे ऐकून मग त्याला नाही म्हणावे. त्याला न दाखवताच त्याच्याविरुद्ध बोलणे ही वादाची रीत नव्हे.

जगाने काय केले

चित्रपटाने काय होते, असे विचारणाऱ्यांनी जगाकडे पाहावे. १९१४ मध्ये 'कोमागाटा मारू' या जहाजातून ३७६ भारतीय कॅनडाच्या व्हँकूव्हर बंदरात पोहोचले. त्यांना बाहेर ठेवण्यासाठी कॅनडाने आधीच एक युक्ती योजली होती. मायदेशातून थेट, न थांबता केलेल्या प्रवासानेच आलेल्याला प्रवेश मिळेल, असा नियम केला होता आणि भारतातून तसा प्रवास होऊच शकत नव्हता! नियमात वंशाचा उल्लेख नाही. परिणाम मात्र वंशभेदाचा. दोन महिने रोखून धरून जहाज परत पाठवण्यात आले. या घटनेवर अली काझिमी यांनी २००४ मध्ये 'कंटिन्युअस जर्नी' हा माहितीपट काढला. जुनी छायाचित्रे आणि चित्रफिती धुंडाळून, वर्षानुवर्षे खपून. १८ मे २०१६ रोजी कॅनडाच्या पंतप्रधानांनी तेथील संसदेत या अन्यायाबद्दल क्षमा मागितली. ती एका चित्रपटामुळे मागितली गेली असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल; परंतु ज्या समाजाने आपली कथा लावून धरली, त्याच समाजाला क्षमायाचना ऐकायला मिळते, हे मात्र खरे.

ज्यू समाजाने तर याचे शास्त्रच केले. क्लॉद लान्झमान यांचा १९८५ चा 'शोआ' हा माहितीपट नऊ तासांहून अधिक लांबीचा आहे. त्यात जुन्या छळछावण्यांचे एकही संग्रहित दृश्य नाही, पार्श्वसंगीताचा गदारोळ नाही. फक्त माणसे बोलतात: वाचलेले बोलतात, शेजारी बोलतात आणि गुन्हेगारही बोलतात. पुढे १९९४ मध्ये स्टीव्हन स्पीलबर्ग यांनी स्थापन केलेल्या संस्थेने साक्षीदारांच्या ५० हजारांहून अधिक मुलाखती चित्रमुद्रित करून ठेवल्या. आज ते संहार झालाच नाही असे म्हणणाऱ्यांना ओरडून उत्तर देत बसत नाहीत; साक्ष दाखवतात.

आपल्याकडेही प्रयत्न झालेच नाहीत, असे नाही. अमेरिकेत सुरू झालेल्या '१९४७ पार्टिशन आर्काइव्ह' या उपक्रमाने फाळणीच्या हजारो साक्षी नोंदवल्या. अमृतसरला २०१७ मध्ये फाळणीचे संग्रहालय उभे राहिले. नंदिता भावनानी आणि साझ अग्रवाल यांनी सिंधी विस्थापनावर परिश्रमपूर्वक ग्रंथ लिहिले. २०२१ पासून १४ ऑगस्ट हा विभाजन विभीषिका स्मृती दिवस म्हणून पाळला जातो. पण मुंबईच्या उपनगरांत, जेथे यंत्रे आहेत, तंत्रज्ञ आहेत आणि साक्षीदारही आहेत, तेथे या तिघांची गाठ घालून देणारे कोणी दिसत नाही.

तक्रार म्हणजे चित्रपट नव्हे

येथे बोट आपल्याकडेही वळले पाहिजे. 'ते आपल्याविरुद्ध चित्रपट काढतात' ही तक्रार आपल्या बैठकांतून, व्याख्यानमालांतून किती दशके ऐकू येते आहे! ज्याच्या हाती ससा तो पारधी. कॅमेरा त्यांनी हाती घेतला, म्हणून ते पारधी ठरले. आपल्या समाजाने मंगल कार्यालये बांधली, पतपेढ्या काढल्या, रुग्णसेवेची मोठी कामे उभी केली. पण मुलाने 'मला माहितीपट काढायचे आहेत' असे म्हटले, तर आपल्या मध्यमवर्गीय घरांत कोणता चेहरा होतो? अभियंता हो, मग बघू! मग त्या क्षेत्रात दुसऱ्या विचारांची मुले जातात, यात नवल ते काय?

सिंधी समाजाचेही तसेच. या समाजाने हिंदी चित्रपटाला पैसा दिला, निर्माते दिले, दिग्दर्शक दिले. 'शोले' चे निर्माते जी. पी. सिप्पी सिंधमधलेच. फाळणीवरची 'तमस' ही गाजलेली मालिका ज्यांनी केली ते गोविंद निहलानी कराचीत जन्मले. पण ती कथा पंजाबची. १९५८ मध्ये 'अबाणा' हा सिंधी चित्रपट आला, त्यात पुढे तारका झालेल्या साधना होत्या. अशी तुरळक उदाहरणे सोडली, तर जगाच्या कथा पडद्यावर आणणाऱ्या या समाजाने स्वतःची कथा घरातच ठेवली.

यावर अलीकडे एक सोपा उपाय निघाला आहे. भडक पटकथा, रक्ताचे पाट, टाळ्यांचे संवाद, आणि झाला 'आपला' चित्रपट! हा उपाय रोगापेक्षा वाईट ठरू शकतो. साक्षीला अतिशयोक्तीची फोडणी दिली की प्रतिपक्षाला एका खोट्या प्रसंगावर बोट ठेवून शंभर खरे प्रसंग खोडता येतात. खऱ्या साक्षीत अडचणीच्या गोष्टीही येतात आणि त्या ठेवल्याच पाहिजेत. राम जेठमलानी यांना १९४८ च्या कराचीत 'येथून निघून जा' असा सल्ला देणारा त्यांचा सहकारी वकील मुसलमान होता. ए. के. ब्रोही हे त्याचे नाव. पुढे तो पाकिस्तानचा कायदामंत्री झाला. ही गोष्ट जेठमलानींनीच सांगितलेली आहे. ती गाळली तर कथा दुबळी होते. ठेवली तर कळते, की एका सज्जन मित्राची मैत्रीही ज्या व्यवस्थेत माणसाचे घर वाचवू शकली नाही, ती व्यवस्था कशी असेल!

मग करायचे काय? फार मोठ्या भांडवलाची आवश्यकता नाही. मुलुंड, चेंबूर, उल्हासनगर येथील ज्येष्ठांची वस्तीवार यादी करावी. दोन-तीन जणांचे गट पाडावेत: एक बोलते करणारा, एक चित्रीकरण करणारा, एक टिपण ठेवणारा. ज्याची त्याची संमती लेखी घ्यावी. आजी-आजोबांना त्यांच्या भाषेत, म्हणजे सिंधीत बोलू द्यावे. भाषांतर नंतर करता येते. त्यांच्या तोंडी आपली वाक्ये घालू नयेत. घर कसे होते, कुलूप कोणी लावले, किल्ली कोठे आहे, बोटीत किती दिवस गेले, येथे उतरल्यावर पहिले जेवण कोणी दिले, येथल्या लोकांनी कोणते टोमणे मारले, हे सारे विचारावे. जुनी निर्वासित नोंदणीपत्रे, शिधापत्रिका, नुकसानभरपाईच्या दाव्यांचे कागद यांचे छायाचित्रण करावे. १९५४ च्या विस्थापितांच्या भरपाई कायद्याखालील कागद अनेक घरांच्या पेट्यांत अजून असतील. हे सर्व एखाद्या ग्रंथालयाच्या किंवा महाविद्यालयाच्या स्वाधीन करावे. चित्रपट आज निघेल किंवा दहा वर्षांनी निघेल. साक्ष मात्र आजच घ्यावी लागेल.

कारण वेळ उरलेला नाही. १९४७ मध्ये जे मूल दहा वर्षांचे होते, ते आज नव्वदीच्या उंबरठ्यावर आहे. बराकी पडत आहेत. शीवजवळच्या गुरू तेगबहादूर नगरातील निर्वासितांच्या इमारती मोडकळीला येऊन पाडल्या गेल्या. तेथे आता म्हाडाच्या हाताने पुनर्विकास व्हायचा आहे. उपनगरांतही उंच इमारती उभ्या राहत आहेत आणि ते योग्यच आहे. पण जुनी भिंत पाडताना तिच्याजवळ उभे राहून बोलणारे माणूस एकदा तरी टिपून ठेवायला हवे. नाही तर उद्या आपण श्रद्धांजलीचे लेख लिहू, स्मारकाची मागणी करू. मेल्या म्हशीला मणभर दूध!

माहितीपटकारांना आमचे सांगणे एवढेच, की तुम्ही सत्तेला प्रश्न विचारता, ते विचारत राहा. मात्र तुमच्या चौकटीत एक खुर्ची रिकामी आहे. तीवर बसायला माणूस मुलुंडला, उल्हासनगरला, नागपूरला थांबलेला आहे. आणि वाचकांना सांगणे असे, की ती खुर्ची दुसऱ्या कोणी भरावी म्हणून वाट पाहू नका. या रविवारी आपल्या विभागातील एका वृद्ध निर्वासिताच्या घरी जा, त्यांच्या पायाशी बसा आणि त्यांना बोलू द्या. जे ऐकाल ते जपून ठेवा. उद्याचा प्रामाणिक माहितीपट त्यातूनच जन्माला येईल.